बाकीच्या १४६ उल्का कुठे पडल्या?

मा. संपादक,

सप्रेम नमस्कार.

कालच्या पुरवणीतला उल्कावर्षावावरचा लेख मी दोनदा वाचला. एकदा सवयीने, आणि दुसऱ्यांदा गेल्या वर्षीचं कात्रण शेजारी ठेवून. तारखा त्याच आहेत, १३ आणि १४ डिसेंबर. मिथुन राशीतला उल्कावर्षाव दर वर्षी तेव्हाच येतो, त्याला आपण तरी काय करणार? पण वाक्यंही तीच? ‘तासाला १५० उल्का’, ‘सहकुटुंब आनंद लुटा’, ‘दुर्बीण असल्यास उत्तम’. चित्रसुद्धा तेच. फरक एवढाच की गेल्या वर्षी शीर्षकात ‘बरसात’ होती, यंदा ‘आतषबाजी’ आहे. संपादकीय संस्कार म्हणतात तो हाच असावा.

माझं भांडण त्या दीडशेशी आहे. गेल्या वर्षी, म्हणजे २०२४ च्या डिसेंबरात, हाच आकडा मी नातीला वाचून दाखवला. ती तेव्हा तिसरीत होती. तिने शाळेची वही घेतली, पट्टीने रेघा मारल्या आणि १५० चौकोन आखले. एक उल्का दिसली की एक चौकोन रंगवायचा. दोन तास बसणार म्हणून मागच्या पानावर आणखी १५० आखायला निघाली होती, तिला मीच थांबवलं. आधी हे तर भरू दे, म्हटलं.

रात्री नऊला आम्ही गच्चीवर सतरंजी टाकली. मी, नात आणि सूनबाई. आकाश स्वच्छ होतं, पण डोक्यावर चंद्र. पौर्णिमा १५ तारखेला होती, म्हणजे जवळजवळ पूर्ण चंद्र, आणि तोही वृषभेत, मिथुन राशीच्या शेजारच्याच घरात. गच्चीवर सावल्या पडल्या होत्या. आपल्या लेखात चंद्राचा ‘च’ नव्हता. मला स्वतःला कळायला हवं होतं हे कबूल, पण सकाळी छापील आकडा बघितला की माणूस विचार करायचा सोडतो. अकरा वाजेपर्यंत आम्हाला चार उल्का दिसल्या. त्यातल्या एकीबद्दल सूनबाईंना अजून शंका आहे, ते विमान होतं असं त्यांचं म्हणणं आहे.

जिना उतरताना नातीने विचारलं, “आजोबा, बाकीच्या १४६ कुठे पडल्या?”

आपल्या लेखकांनी याचं उत्तर द्यावं. नसेल येत, तर मी देतो. दीडशे हा आकडा खोटा नाही, पण तो कागदावरचा आहे. उल्का ज्या बिंदूतून फुटल्यासारख्या दिसतात तो बिंदू बरोबर डोक्यावर आहे, आणि आकाश इतकं काळं आहे की साडेसहाव्या प्रतीचा अंधूक ताराही नुसत्या डोळ्यांनी दिसतो (प्रतीचा आकडा जितका मोठा, तितका तारा अंधूक), असं धरून तो काढतात. वेगवेगळ्या ठिकाणच्या निरीक्षकांच्या नोंदी एका मापात आणण्यासाठी ही सोय. वाचकाला आमिष म्हणून दाखवायला नव्हे. तो बिंदू क्षितिजापासून ३० अंशांवर असेल तर आकडा तिथेच निम्मा होतो. शिवाय दिव्यांमुळे किंवा चंद्रामुळे चौथ्या प्रतीपलीकडचं काही दिसत नसेल, तर उरलेल्याचा जेमतेम दहावा हिस्सा हाती लागतो. दीडशेचे पंचाहत्तर, पंचाहत्तरचे सात-आठ. आमच्या चार काही अगदीच लाजिरवाण्या नव्हत्या.

एवढं चार ओळींत छापता आलं असतं. त्या ओळींच्या जागी काय होतं, तर ते चित्र. एका पर्वतावर पन्नासएक उल्का छत्रीच्या काड्यांसारख्या पसरलेल्या. असं चित्र कॅमेरा तासन्‌तास उघडा ठेवून, शेकडो फोटोंतल्या उल्का उचलून एकावर एक बसवून तयार होतं. त्यात गैर काही नाही, पण खाली तसं लिहा ना! माझी नात गच्चीवर त्या छत्रीची वाट बघत होती.

‘दुर्बीण असल्यास उत्तम’ हे वाक्य कोणी लिहिलं? दुर्बिणीतून आकाशाचा टीचभर तुकडा दिसतो. उल्का कुठूनही येते आणि सेकंदाच्या आत संपते. दुर्बिणीला डोळा लावून उल्कांची वाट पाहणं म्हणजे किल्लीच्या भोकातून क्रिकेटचा सामना बघणं. उल्का बघायला उताणं पडायचं आणि नुसत्या डोळ्यांनी जमेल तेवढं आकाश एकदम बघायचं, बस्स. ‘मोबाइलवर ॲप उघडून ठेवा’ हा सल्ला तर त्याहून वरचा. अंधाराला डोळे पुरते सरावायला वीस ते तीस मिनिटं लागतात आणि मोबाइलच्या एका झगमगाटात ती सगळी वाया जातात. सूनबाई दर दहा मिनिटांनी ॲप बघत होत्या. म्हणजे आमच्यापैकी एकीचे डोळे त्या रात्री एकदाही सरावले नाहीत.

आणखी एक बारीकशी चूक, फार ताणत नाही. लेखात ‘धूमकेतूचे तुकडे’ लिहिलंय. बहुतेक उल्कावर्षाव धूमकेतूंचेच असतात, पण नेमका हा नाही. १९८३ साली सापडलेल्या फेथॉन नावाच्या लघुग्रहाच्या धुळीतून तो येतो. खरं तर हीच या वर्षावाची गंमत, आणि आपण तीच गाळलीत.

अंदाज चुकू नयेत असं मी म्हणत नाही. १९९८ च्या नोव्हेंबरात सिंह राशीतल्या उल्कांसाठी आम्ही चार मित्र रात्रभर थंडीत बसलो होतो. नंतर कळलं की मोठमोठे अग्निगोल अंदाजाच्या सुमारे सोळा तास आधीच येऊन गेले होते. तेव्हा कोणावर राग आला नाही. गणित अवघड होतं, चुकलं, आणि पुढच्या वर्षापासून पुष्कळ सुधारलं. पण चंद्र कधी उगवणार हे गणित अवघड नाही हो. ते पंचांगात छापलेलं असतं.

पंचांगावरून आठवलं. आपल्याच अंकात दुसऱ्या पानाच्या कोपऱ्यात सूर्योदय, सूर्यास्त, चंद्रोदय आणि चंद्रास्त यांच्या वेळा रोज येत असत. दोन बोटं जागा. दोन वर्षांपूर्वी त्या गेल्या आणि तिथे गाद्यांची जाहिरात आली. तेव्हा मी फोन केला होता. पलीकडच्या माणसाने ‘त्या कोण वाचतं?’ असं विचारलं. मी वाचतो. राशिभविष्याला मात्र पाव पान शाबूत आहे. मिथुन राशीला धनलाभ आहे की नाही हे रोज कळतं, मिथुन रास आज किती वाजता उगवेल हे वर्षातून एकदाही कळत नाही.

मला जास्त वाईट वाटतं ते निराळ्याच गोष्टीचं. त्या रात्री बघण्यासारखं पुष्कळ होतं. गुरू नुकताच, ७ डिसेंबरला, आकाशात सूर्याच्या बरोबर विरुद्ध बाजूला आलेला, रोहिणीच्या शेजारी झळझळत होता. त्याच्यावर चंद्राच्या उजेडाचा काही परिणाम होत नाही. घरातली जुनी दुर्बीण तिथे कामाची होती. कठड्यावर हात टेकवून मी ती नातीला धरायला लावली. गुरूच्या दोन बाजूंना एका रेषेत बारीक ठिपके दिसले. हे गुरूचे चंद्र, १६१० साली गॅलिलिओने पाहिले होते तेच, असं मी सांगितलं. ती “हं” म्हणाली आणि पुन्हा वर उल्का शोधू लागली. तिच्या वहीत गुरूसाठी चौकोनच नव्हता. मृग, व्याध, कृत्तिका सगळे हजर होते, पण दीडशेचा वायदा झाल्यावर त्यांच्याकडे कोण बघणार? आकाशाला तुम्ही कार्यक्रम करून टाकलंत. मग तो कार्यक्रम रंगला नाही की प्रेक्षक उठून जातात. नंतर तीन महिने तिला गच्चीवर चल म्हटलं, तर “काही दिसत नाही तिथे” हे उत्तर ठरलेलं.

बरं, यंदा, म्हणजे २०२५ ला, परिस्थिती चांगली आहे आणि नेमकी ही बातमी आपल्याकडून निसटली आहे. या १३-१४ च्या रात्री चंद्र कृष्ण पक्षातला, कोर उरलेला, आणि उगवणार मध्यरात्र उलटल्यावर. म्हणजे सुरुवातीचे कितीतरी तास अंधार आयता मिळणार आहे. शिवाय गुरू या वेळी मिथुन राशीतच आहे, पुनर्वसूच्या दोन ठळक ताऱ्यांच्या जोडीजवळ, उल्कांचा उगमबिंदूही तिथेच बाजूला. म्हणजे खूण शोधायचीसुद्धा गरज नाही. रात्री पूर्वेकडे सगळ्यांत ठळक, न लुकलुकणारा ठिपका दिसेल तो गुरू. मात्र त्याच्याकडे टक लावू नका. उल्का आकाशात कुठेही दिसतात, आणि लांब पट्ट्याच्या उल्का त्या बिंदूपासून दूरच दिसतात. बिंदू मध्यरात्रीनंतर पुष्कळ वर येतो, तेव्हा जागू शकणाऱ्यांनी जागावं. आकडा मी सांगणार नाही.

कळावे, लोभ असावा.

आपला जुना वाचक

ता. क. : याच विषयावर गेल्या वर्षी पाठवलेलं पत्र आपण छापलं नाहीत. हे छापणार असाल तर १३ तारखेच्या आत छापावं. जागा कमी पडली तर गॅलिलिओ कापा, पण चंद्र कधी उगवणार ती ओळ ठेवा.