झोपाळ्याला तेल घालू नका

प्रिय आई-बाबा,

परवा फोनवर बाबा म्हणाले, "बघितला तुझा पिक्चर, पण गाणी कुठायत?" मी हसून विषय बदलला खरा, पण रात्री मिक्सिंग संपवून लोकलमध्ये बसलो आणि वाटलं, एवढ्या वर्षांत मी नक्की काय करतो ते तुम्हाला कधी धड सांगितलंच नाही, आणि तुम्ही काकूंना "साउंडचं काहीतरी करतो" सांगता नि त्यांना वाटतं मी गणपतीत डीजे लावतो.

त्या पिक्चरचं म्युझिक माझंच आहे, पण दोन तासांत जेमतेम अकरा मिनिटं. बाकी साउंड डिझाइन, म्हणजे ऐकू येतं त्यातलं काय ठेवायचं, काय पुसायचं आणि काय नव्याने बनवायचं. पहिली दोन-तीन वर्षं तर मी लोकांच्या डायलॉगमागचे रिक्षाचे हॉर्न आणि कुत्री काढण्यातच घालवली (त्यातल्या एकाने पैसे बुडवले, तेव्हा तुम्हाला "डिपॉझिट भरायचंय" सांगून पैसे मागवले होते, आता सांगून टाकतो).

आई, गोधडीला म्हणून तुझी जुनी सुती साडी नेली होती ना, तिची गोधडी झालीच नाही. पडद्यावरची पावलं, कपड्यांची सळसळ हे सगळं नंतर स्टुडिओत फोली आर्टिस्ट चित्र बघत बघत करतो, आणि सिंथेटिक साडी माइकसमोर नुसती चुरचुरते. पिक्चरमधली आजी उठते-बसते तेव्हा ऐकू येते ती तुझी साडी.

आणि बाबा, गाणी नाहीत म्हणून माझ्यावर कशाला चिडता, तुमच्या शांतारामबापूंनी १९३७ मध्ये प्रभातला 'कुंकू' केला तेव्हा केशवराव भोळ्यांसारखा संगीतकार हाताशी असून पार्श्वसंगीत ठेवलंच नाही, गाणी सोडली तर खरेखुरे आवाज तेवढे. मी तर अकरा मिनिटं दिलीत.

डायलॉग ऐकू येत नाहीत ही तक्रार मात्र मान्य. थिएटरात डायलॉगला पडद्यामागे मधला वेगळा स्पीकर असतो, आपल्या टीव्हीत सगळंच दोन छोट्या स्पीकरमध्ये कोंबलं जातं मग म्युझिक बोलण्यावर चढतं. ऑडिओच्या सेटिंगमध्ये ५.१ (म्हणजे सहा स्पीकरांसाठीचा आवाज) च्या जागी स्टीरिओ (दोन स्पीकरांचा) करून बघा. तरी नाही जमलं तर कान तपासून घ्या, रागावू नका, मी पण दरवर्षी तपासतो, पोट त्याच्यावरच आहे.

दिवाळीत पहाटे मी ओसरीवर रेकॉर्डर लावून गप्प बसलेलो आठवतं? रिकाम्या घराचा सुद्धा आवाज असतो, तो घेत होतो. आई चहा टाकायला उठली आणि "वेड लागलंय काय रे" म्हणाली, ते पण आलंय त्यात, पुसलं नाही.

आता नवीन पिक्चरला झोपाळ्याचा आवाज पाहिजे, त्याची डावी कडी करकरते ना, तोच. मी पंधरा तारखेला मोठा माइक घेऊन येतोय. तोवर बाबा, हात जोडतो, तिला तेल घालू नका.

तुमचा,
बाळू