अबूला जाताना अस्वलांचाही विचार करा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

दिवाळीची सुट्टी जवळ आली की माउंट अबूच्या सहलींच्या जाहिराती सुरू होतात आणि पर्यटनाच्या पानांवर लेखही येतात. देलवाड्याची मंदिरे, नक्की तलाव, सनसेट पॉइंट, रबडी. ही ठिकाणे ज्या डोंगरावर आहेत, त्या डोंगराबद्दल मात्र चार ओळीही नसतात. म्हणून हे पत्र.

अबू अरवलीत गणला जात असला, तरी बनास नदीच्या खोऱ्याने तो मुख्य रांगेपासून तुटलेला आहे. लांबी साधारण २२ किलोमीटर, रुंदी त्याच्या निम्मीही नाही. गुरुशिखर १७२२ मीटर, म्हणजे आपल्या कळसूबाईहून उंच. पश्चिमेला रखरखीत मारवाड. समुद्रावरून येणारे ढग या उंचीला अडतात आणि कोसळतात. जैसलमेरला वर्षभरात जेमतेम २०० मिलिमीटर पाऊस पडतो, तर अबूवर दीड हजाराच्या आसपास. त्यामुळे पायथ्याशी खैर, बाभूळ आणि थोर दिसतात, तर वरच्या ओढ्यांकाठी आंबा, जांभूळ आणि बांबू. पावसाळ्यात खोडांवर शेवाळ, नेचे आणि आमरी (ऑर्किड). राजस्थानात असे दृश्य दुसरीकडे क्वचितच दिसेल. सह्याद्रीतला राखी रानकोंबडा उत्तरेकडे इथपर्यंत पोहोचला आहे. आपल्या ओळखीची ती आरोळी वाळवंटाच्या उंबरठ्यावर ऐकू येते तेव्हा अंगावर काटा येतो.

पक्षीवेडे लोक अबूला येतात ते हिरव्या मुनियासाठी. चिमणीहून लहान पक्षी, पाठ हिरवट, पोट पिवळे, कुशीवर काळे-पांढरे पट्टे आणि लालभडक चोच. गुरुशिखराच्या वाटेवर, शेतांच्या बांधांवरच्या गवतात त्यांचे थवे उतरतात. ही मुनिया फक्त भारतात आढळते. पिंजऱ्यात ठेवण्यासाठी ती वर्षानुवर्षे पकडली गेली आणि आज ती संकटग्रस्त यादीत आहे.

आणि अस्वल. वाळवी, बोरे, जांभळे, उंबर हा त्याचा आहार. आता ते अंधार पडला की वस्तीत उतरते. हॉटेलमागच्या कचऱ्याच्या डब्यावर अस्वल उभे राहिलेले मी पाहिले आहे. पुढच्या पंजांनी डबा आडवा केला, उरलेल्या पोळ्या-भाजीची पिशवी ओढली आणि पिशवीसकट चघळू लागले. वर गच्चीवरून लोक मोबाइलचे दिवे पाडून आरडाओरडा करत होते. अशाने जनावर बुजरेपण सोडते, मग पहाटे फिरायला निघालेल्या एखाद्या गावकऱ्याशी त्याची गाठ पडते आणि दोष मात्र अस्वलाला. वानरांचेही तेच. पाने पचवण्यासाठी बनलेल्या त्यांच्या पोटात आपण बिस्किटे आणि वेफर्स कोंबतो.

सह्याद्रीतले जनावर एका खोऱ्यातून हुसकले तर दुसऱ्या खोऱ्यात जाईल. अबूवरून उतरले तर पुढे शेते, महामार्ग आणि उघडे माळ. एकोणिसाव्या शतकापर्यंत इथे सिंह होते, पुढे वाघही गेला. बिबटे आणि अस्वले उरली आहेत. १९६० मध्ये अभयारण्य झाले, २००९ मध्ये अबू पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र म्हणून जाहीर झाला. कागदावर संरक्षण आहे, पण रात्रीचा कचरा कुठे टाकायचा हे अधिसूचना ठरवत नाही. ते हॉटेलवाले आणि आपण ठरवतो.

माझी विनंती एवढीच: अबूवरच्या प्रत्येक लेखासोबत एक चौकट छापावी. वानरांना खाऊ घालू नका, उरलेले अन्न उघड्यावर टाकू नका, कचऱ्याचा डबा झाकलेला आहे का हे हॉटेलात खोली घेतानाच विचारा. आपल्याकडून इतक्या सहली जातात, तेव्हा गिऱ्हाईकच विचारू लागले तर मालकांना झाकण बसवावेच लागेल. सहली नेणाऱ्या कंपन्यांनीही निघण्यापूर्वी बसमध्ये हे वाचून दाखवावे.

आपला,
एक पक्षीप्रेमी वाचक, पुणे