गृहीतक वेगळे, परिकल्पना वेगळी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीतल्या विज्ञानविषयक लेखात ‘गृहीतक’ हा शब्द तीन ठिकाणी आला आणि तिन्ही ठिकाणी त्याचा अर्थ वेगळा होता: कुठे सिद्धतेशिवाय मान्य केलेले विधान, कुठे तपासायचे विधान, कुठे गणितातले सिद्ध न झालेले विधान. मी 34 वर्षे नववी-दहावीला भूमिती शिकवली. हा घोळ मला नजरेआड करता येत नाही.

भूमितीत गृहीतक म्हणजे ज्याची सिद्धता मागायची नाही असे विधान. दोन भिन्न बिंदूंतून एक आणि एकच रेषा जाते, हे मुलांनी मान्य करायचे आणि त्यावर प्रमेये उभी करायची. ‘मला गृहीत धरू नकोस’ असे आपण घरात म्हणतो, तेव्हाही न विचारता मान्य धरणे हाच अर्थ असतो. हायपॉथेसिसचे, म्हणजे संशोधनाआधी मांडलेल्या अंदाजाचे, काम नेमके उलटे. ती मांडायची तीच तपासण्यासाठी, खोटी ठरण्याची तयारी ठेवून. तिला ‘परिकल्पना’ हा शब्द शिक्षणशास्त्राच्या प्रबंधांत केव्हाचा रुळला आहे. तिथे गृहीतके वेगळी लिहावी लागतात आणि परिकल्पना वेगळ्या.

ही गफलत काय करते, ते मी घरातच पाहिले. माझी भाची समाजशास्त्रात एम.ए. करत होती. शिकलेल्या आया मुलींची लग्ने उशिरा करतात, अशी तिची परिकल्पना. उन्हातान्हात 60 घरे फिरून प्रश्नावल्या भरून आणल्या, तर तसा फरक दिसेना. मार्गदर्शक म्हणाले, ‘गृहीतकच चुकलंय, बदलून टाका.’ तिने आकड्यांना जुळेल असे वाक्य फिरवून लिहिले. रात्री ताटावर बसून मला म्हणाली, ‘मावशी, माझं सगळंच चुकलं गं.’ काहीही चुकले नव्हते. अपेक्षेविरुद्ध उत्तर मिळाले हीच तिची कमाई होती, आणि तीच खोडली गेली.

परिकल्पना तपासतात कशी, हे आमच्या भागात दिसते. 11 डिसेंबर 1967 च्या पहाटे कोयनेचा भूकंप झाला, तेव्हा मी सात वर्षांची होते. आईने मला गोधडीसकट उचलून अंगणात आणले आणि आत मांडणीवरची भांडी पडतच राहिली. दख्खनचे पठार स्थिर आहे, असे तोवर मानले जाई. धरणात पाणी साठू लागल्यापासून धक्के जाणवत होते, म्हणून पाण्याचा संबंध असावा, अशी परिकल्पना पुढे आली. ती कुणी गृहीत धरली नाही. जलाशयाची पातळी आणि धक्के यांच्या नोंदी वर्षानुवर्षे ताडून पाहिल्या गेल्या. जलाशयामुळे भूकंप होऊ शकतो याचे उदाहरण म्हणून आज जगभर कोयनेचे नाव घेतात. तरीही जमिनीखाली नेमके काय घडते हे कळावे, म्हणून गोठणे येथे 3 किलोमीटर खोल बोअर घेतली गेली.

गणिताला एवढ्यानेही समाधान नाही. 2 पेक्षा मोठी प्रत्येक सम संख्या दोन मूळ संख्यांची बेरीज असते, हे गोल्डबाख या गणितज्ञाचे 1742 सालचे म्हणणे. संगणकाने ते 4 वर 18 शून्ये इतक्या संख्येपर्यंत पडताळले, एकही अपवाद सापडला नाही. इतर शास्त्रांत एवढ्या पुराव्यावर त्याचा नियम झाला असता. गणितात ती अजून अटकळच आहे, कारण सिद्धता नाही.

‘सिद्धांत’ शब्दाचेही तसेच. ‘थिअरीत पास, प्रॅक्टिकलला नापास’ म्हणता म्हणता आपण थिअरी म्हणजे पुस्तकी बोलणे असे धरून बसलो. मग ‘उत्क्रांती ही नुसती थिअरी आहे’ हे वाक्य सहज खपते. विज्ञानात जीवाश्मांपासून डीएनएपर्यंतचे पुरावे ज्यात एकत्र बसतात, अशा मांडणीला सिद्धांत म्हणतात. अणुसिद्धांतही थिअरीच आहे, त्याला कुणी ‘नुसता’ म्हणत नाही. साहित्यशास्त्रातला रससिद्धांत मात्र प्रयोगशाळेत खोटा ठरवता येत नाही. तो कविता वाचायची नजर देतो, आणि त्याचे मोल त्या वाचनातच कळते.

आपला अंक शाळांच्या वाचनालयांत जातो. भूमितीसाठी ‘गृहीतक’, तपासायच्या विधानासाठी ‘परिकल्पना’ आणि गणितातल्या सिद्ध न झालेल्या विधानासाठी ‘अटकळ’, एवढे तीन शब्द तरी आपल्या उपसंपादकांनी वेगळे ठेवावेत, ही कळकळीची विनंती.

आपली नियमित वाचक,
निवृत्त गणित शिक्षिका, कराड