चि. ओंकारला

चि. ओंकार,
अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेली लिंक परवा चिऊनं उघडून दिली. हे २००९ सालचं माइनक्राफ्ट, ठोकळे रचून बांधायचा खेळ, दहा वर्षं झाली म्हणून कंपनीनं २०१९ मध्ये ब्राउझरवर फुकट ठेवलं, असं बरंच काही सांगत होती. मी आपला काठावरची माती उकरून बसलो, तर पाणी आत शिरलं ते थांबेचना. शेवटी तिनं स्पंज टाकून अडवलं. पाटबंधाऱ्यात हयात घालवलेले नाना पोट धरून हसले असते.

तू त्यात बांधलेला आपला वाडा पाहिला. ओटा, माडी, आडाकडचं झाड. विकला तेव्हा तू केवढासा होतास, एवढं कसं रे लक्षात राहिलं? आजीलाही दाखवला. ती म्हणाली, देवघर चुकलंय.

खेळात आपण दोघंच होतो. एका लिंकवर आणखी नऊ जण येऊ शकतात म्हणे. रात्रीचा एक वाजून गेला होता. तुझ्या खोलीतली मुलं कुठं होती?

बांधकामाचं म्हणशील तर ठोकळ्यांची सांधेमोड नाही. सांध्यावर सांधा आलाय, खऱ्या भिंतीला अशानं उभी चीर जाते. खालचे खांब काढले तरी माडी अधांतरी राहते. पडते ती फक्त वाळू आणि खडी. याची सवय लागली तर उद्या साइटवर... जाऊ दे. सिव्हिलला तू गेलास, आता तू मला शिकवायचं. रागावू नकोस. आणि वाड्याला दार नाही ते तुझ्याकडून राहिलं असं वाटलं होतं, पण त्या ३२ ठोकळ्यांत दारच नाही, असं चिऊ म्हणाली.

लोणंदच्या साइटवर वाळूच्या ढिगात तू फरशीचे तुकडे रचत दिवस काढायचास. मुकादमाची पोरं हाका मारायची, तू मान वर करायचा नाहीस. पोरगं त्रास देत नाही म्हणून मी सगळ्यांना कौतुकानं सांगायचो. आता तेच आठवतं आणि झोप येत नाही. त्या खेळात रात्र होतच नाही, त्यामुळे तुलाही वेळ कळत नसेल. जेवायला कुणाबरोबर बसतोस?

हे विचारायचं नाही असं ठरवून लिहायला बसलो होतो.

मेसचे पैसे मंगळवारी टाकतो. देवघर आजी सांगेल तिकडे हलव. शेजारच्या कॉटवरचा तो बार्शीचा मुलगा, त्यालाही एकदा लिंक पाठव की. मी नसलो तरी चालेल.

तुझे,
अप्पा