आईचं खरं साल

न्यूयॉर्क, १२ डिसेंबर २०२५

ती. आई-बाबांना साष्टांग नमस्कार,

परवा फोनवर बाबा म्हणाले, "टीका करायचे पैसे देतं का कुणी?" मी रेंज नसल्याचं सोंग केलं. चुकलंच. जॅझवर, म्हणजे इथल्या या संगीतावर, लिहून पोट भरतं का, तर भरत नाही. शिकवण्या घेते, त्यावर घरभाडं निघतं. पण या धंद्यात माणूस नेमकं करतो काय, ते सांगते.

गॅरी गिडिन्स नावाचे एक समीक्षक आहेत. इथल्या 'व्हिलेज व्हॉइस' साप्ताहिकात १९७३ पासून तीस वर्षं त्यांनी जॅझवर सदर लिहिलं. रात्री क्लबात बसून ऐकायचं, कोण कुठे चमकला आणि कोण नुसता वेळ काढत होता ते लिहायचं. सोबत चरित्रं. बिंग क्रॉस्बी या गायकाच्या चरित्राचा पहिला भाग २००१ साली आला, दुसरा २०१८ साली. सतरा वर्षं लागली आणि त्या भागात क्रॉस्बीची जेमतेम सात वर्षं, १९४० ते ४६! बाबा, तुम्ही म्हणाल, याला वेळेत काम उरकायला कुणी शिकवलं नाही.

पण मला सांगायचंय ते लुई आर्मस्ट्राँग या जॅझच्या ट्रम्पेटवादक-गायकाबद्दल. तो जन्मभर आपली जन्मतारीख ४ जुलै १९०० सांगायचा. ४ जुलै म्हणजे इथला स्वातंत्र्यदिन, वर शतकाचा आकडा. त्याच हिशेबाने १९७१ मध्ये त्याचा एकाहत्तरावा वाढदिवस झाला आणि दोनच दिवसांनी तो गेला. पुढे टॅड जोन्स नावाच्या संशोधकाने न्यू ऑर्लीन्सच्या एका चर्चमधली बाप्तिस्म्याची नोंद शोधली. जन्म ४ ऑगस्ट १९०१. गिडिन्सनी ती १९८८ च्या आपल्या पुस्तकात छापली. म्हणजे जाताना त्याला सत्तरही पुरी नव्हती. क्रॉस्बीचंही तेच: थडग्यावर १९०४ कोरलंय, जन्म १९०३ चा.

आर्मस्ट्राँगचं घर इथे क्वीन्समध्ये आहे, आता संग्रहालय झालंय. तो घरी टेपरेकॉर्डर लावून गप्पा मारायचा. त्या टेप तिथे ऐकवतात. त्याच्या निळ्या स्वयंपाकघरात मी उभी होते आणि मला एकदम आपली शाळा आठवली. बाबा, दाखल्यावर १ जून तुम्ही किती पोरांना लावलात? सहा वर्षं भरायला हवीत म्हणून अख्खा गाव १ जूनला जन्मलेला!

आई, तूही त्यातलीच. कागदावर १ जून १९६६. पण आजी सांगायची, कोयनेचा भूकंप झाला त्या रात्री तू पोटात होतीस आणि ती तशीच अंगणात धावली. भूकंप ११ डिसेंबर १९६७ चा. कालच अठ्ठावन्न वर्षं झाली त्याला. मग तू १९६८ ची, नाही का? दप्तर घेऊन थोरल्या मावशीमागे हट्टाने शाळेत गेलीस, गुरुजींनी दोन वर्षं वाढवून नाव घातलं, असं तूच सांगतेस. आणि ३१ मे २०२४ ला त्याच कागदाने तुला निवृत्त केलं. दोन वर्षांचा पगार गुरुजींच्या टाकाने खाल्ला.

अर्थात आजीच्या गोष्टीवर भिस्त ठेवून चालणार नाही. कदाचित पोटात मामा असेल आणि तू कडेवर. म्हणून बाबांना काम देते. तहसील कचेरीत तुमच्या सासुरवाडीच्या गावाचं कोतवाल बुक मागा, गाव नमुना १४, जन्म-मृत्यूची नोंद. १९६६, ६७, ६८ तिन्ही सालं बघा. मुलीचं नाव नसेल, बापाचं असेल. मोडी आली तर फोटो पाठवा. मावशीला वेगळं गाठून विचारा, आईसमोर नको. दोघी एकमेकींच्या आठवणी दुरुस्त करत बसतात.

आणि दादाला म्हणावं, जूनमधल्या साठीशांतीसाठी गुरुजींना इतक्यात आगाऊ देऊ नकोस.

तुमची,
सोनू