डॉक्टर प्रकाश आणि आजीच्या शिव्या

स्टुटगार्ट,
रविवार रात्र

ती. बाबांस साष्टांग नमस्कार,

परवा इथल्या आम्ही पाच-सहा मराठी पोरांनी मिळून 'आनंद' बघितला. रमेश देव दिसले आणि नागपूरचा एक जण म्हणाला, "अरे, हे 'जॉली एलएलबी'मधले कँटीनवाले कौलसाहेब ना?" मी ताडकन म्हटलं, "आमच्या कोल्हापूरचे ते!" इतक्या जोरात बोललो की सगळे माझ्याकडेच बघायला लागले.

बाबा, 'आनंद' १९७१चा आणि 'जॉली एलएलबी' २०१३चा. मध्ये ४२ वर्षं गेली. एकात नर्सिंग होम चालवणारा डॉक्टर, दुसऱ्यात कोर्टातल्या धडपड्या वकिलाला बसायला जागा देणारा म्हातारा. 'आनंद' मी लहानपणापासून किती वेळा बघितला असेन, पण नजर कायम राजेश खन्ना आणि अमिताभवरच. या वेळी पहिल्यांदा डॉ. प्रकाशकडे, म्हणजे रमेश देवांकडे, नीट बघितलं. श्रीमंतांच्या नसलेल्या दुखण्यांवर गोळ्या लिहून देऊन तो पैसे घेतो आणि भास्करसमोर, म्हणजे अमिताभसमोर, ते उजळ माथ्यानं कबूलही करतो. दुसऱ्या कुणी हे काम केलं असतं तर माणूस लोभी वाटला असता. इथं तो वाटतो संसारी आणि जिवाला जीव देणारा. समोरचा बोलत असताना रमेश देव नुसते ऐकतात, मान थोडी कलती ठेवून. त्या ऐकण्यामुळे समोरच्याचं वाक्य मोठं होतं. पडद्यावरची बायकोही सीमाताईच. लग्न १९६३चं, म्हणजे आठ वर्षांचा खरा संसारच त्या घरात आलेला. म्हणून तर ते दोघं एकमेकांशी बोलताना नाटकी वाटत नाहीत.

आणि आजी आठवली. 'आंधळा मागतो एक डोळा' १९५६चा, राजाभाऊ परांजप्यांचा. त्यात रमेश देव खलनायक. त्यांचं नाव निघालं की आजी अजून "मेला, डोळ्यातच लबाडी!" म्हणते आणि लगेच 'अपराध'मधल्या पियानोच्या गाण्याचं कौतुकही करते. मला वाटतं, नटाला याहून मोठी पावती नाही. नायकाला लोक जीव लावतातच. पण एकाच माणसाला आधी शिव्या, मग माया, मग म्हातारपणी आदर, हे फार थोड्यांच्या वाट्याला येतं. २०२२च्या फेब्रुवारीत ते गेले. तीनच दिवस आधी त्र्याण्णव पूर्ण झाले होते. त्या रात्री तुमचा फोन आला होता, आठवतं? तुम्ही नीट बोललाही नाहीत.

आजीला एवढं विचारा, 'आंधळा मागतो एक डोळा' तिनं कुठल्या थेटरात बघितला आणि सोबत कोण होतं. तिला आठवतंय तोवर सगळं फोनवर रेकॉर्ड करून ठेवा. मी दिवाळीत आलो की तिच्याशेजारी बसून 'आनंद' परत बघायचाय.

आईला सांगा, कांदा-लसूण मसाला संपत आलाय.

तुमचा,
सुहास