जिजाईचं पायताण

कोल्हापूर,
१२ नोव्हेंबर

प्रिय सुऱ्या,

तुझं पत्र येऊन महिना झाला, काय शिव्या घालायच्यात त्या घाल. गेले तीन दिवस संध्याकाळी अंबाबाईच्या देवळात होतो, किरणोत्सवाला, मावळतीची किरणं थेट देवीच्या मूर्तीवर पडतात ना, त्याला. पहिल्या दिवशी ऐनवेळी ढग आडवे आले. माझ्या पुढं एक फुलवाली मावशी उभी होती. तिनं हात जोडलेच नाहीत. कमरेवर ठेवले आणि म्हणाली, "आई, मी धंदा टाकून आलो आणि तू ढग वढून बसलीस व्हय?" जाताना मात्र पायरीला कपाळ टेकवून गेली.

तू विचारलंयस, वीस वर्षं देवादिकांच्या मालिका लिहून काय मिळवलंस? ऐक. दोन वर्षांपूर्वी अस्साच सीन लिहिला होता. नवरा अंथरुणाला खिळलेला, बाई देवीला झापते. वाहिनीच्या बैठकीत 'भावना दुखावतील' म्हणून सीनच उडाला. त्यातला 'मी आलो' त्यांना टायपिंगची चूक वाटला; आपल्याकडं बायका असंच बोलतात हे पटेचना. मग मूर्तीच्या डोळ्यांतून उजेड, घंटा आपोआप, नवरा ताडकन उठून बसला. टीआरपी चांगला आला, खोटं कशाला बोलू! आबांचं ऑपरेशन त्याच पैशात झालं.

परवा रात्री 'संत तुकाराम' पुन्हा लावला. १९३६ चा, लेखन शिवराम वाशीकरांचं. दिग्दर्शक दामले-फत्तेलाल तर आपलेच, बाबूराव पेंटरांच्या हाताखाली घडलेले. (त्यांची प्रभात फिल्म कंपनी १९२९ ला इथं निघाली आणि १९३३ ला पुण्याला गेली, हे दुखणं आपल्या गावाचं अजून बरं झालेलं नाही.) तुकोबा विठ्ठलात बुडालेले, घरात दाणा नाही, आणि पोर आजारी पडल्यावर त्यांची बायको जिजाई पायताण घेऊन थेट देवळात! चमत्कार त्या सिनेमातही आहेत रे, ढीगभर आहेत. पण मला दरवेळी ते पायताणच आठवतं. देव खरा वाटतो तो तिच्या रागामुळं. जो नाहीच, त्याच्यावर एवढं कोण चिडेल?

त्यातलं 'आधी बीज एकले' हे गाणं शांताराम आठवल्यांचं. लोक तुकोबांचा अभंग म्हणून गातात. लेखकाला यापेक्षा काय पाहिजे? मानधन सोडून म्हणतोय. आणि अडवणूक तेव्हाही होतीच. प्रभातच्याच एकनाथांवरच्या 'धर्मात्मा' सिनेमाचं नाव आधी 'महात्मा' होतं, ते सेन्सॉरला खपलं नाही. नाव बदललं, पण नाथांनी अस्पृश्यांच्या पंगतीला बसायचं ते बसलेच. मी मात्र सीनच सोडून दिला. वाहिनीपेक्षा त्याचाच राग जास्त येतो.

आता तोच सीन सिनेमासाठी पुन्हा लिहायला घेतलाय. निर्माता अजून नाही. सोबत आठ पानं पाठवतोय, वहिनींनाही वाचायला दे. त्या तुझ्यासारखं गोड बोलत नाहीत.

काल किरणं देवीच्या कमरेपर्यंत चढली. गर्दीत मावशी पुन्हा दिसली. म्हटलं, "आली की ओ मावशी!"

परडी सावरत म्हणाली, "येईना काय करती! बोललो न्हवं?"

तुझा,
बाळ्या